गोल न झाल्याचा नारळ

शुक्रवारी दुपारी मयुरेशने फ्रिजकडे पाठ येईल अशी खुर्ची निवडली, ती काही उगाच नाही. फ्रिजवर चुंबकाखाली तो कागद होता. कॅनडातल्या एका निवासी शाळेने शिवांगीला दोन वर्षांसाठी घेतलं होतं. सकाळी अभ्यास, दुपारी आइस हॉकी. खाली वडिलांच्या सहीची रेघ रिकामी होती आणि रविवार ही शेवटची तारीख होती. गेले अकरा दिवस घरातलं प्रत्येक माणूस पाणी प्यायला म्हणून फ्रिजशी जात होतं, कागद वाचत होतं आणि पाणी न पिताच परत येत होतं.

दत्तप्रसाद बरोबर समोर बसला होता, त्यामुळे मयुरेशला कागद दिसत नसला तरी कागदाकडे बघणारा धाकटा भाऊ दिसत होता. एकोणचाळीस वर्षांचा, सोळा हंगाम व्यावसायिक आइस हॉकी खेळून मार्चमध्ये निवृत्त झालेला. वरचे चार दात खोटे, डावी भुवई मधोमध चिरलेली, उजवी करंगळी कायमची बाहेर वळलेली. चहाचा कप धरला की ती करंगळी एखाद्या साहेबासारखी ऐटीत उभी राहायची आणि शिवांगीला हसू फुटायचं.

"काटो बघ हां," शेवंतीने त्याच्या ताटात साफी माशाची आणखी एक तुकडी वाढली. "दात नाय तुका."

"आहेत गो आये. विकतचे आहेत."

"विकतचे ते विकतचेच."

रावजी टेबलाच्या टोकाला मान खाली घालून जेवत होता. चव्वेचाळीस वर्षांपूर्वी तो आचऱ्याजवळच्या गावातून बहारीनला आला तो एसी मेकॅनिक म्हणून. पुढे राजधानी मनाम्यातल्या आइस रिंकवर बर्फ राखायला लागला आणि तिथेच म्हातारा झाला. मनाम्यातल्या नईम भागातल्या दोन खोल्यांत दोन्ही मुलगे वाढले. त्यातला एक बापाबरोबर पहाटे रिंकवर जाऊन भाड्याचे बूट घालून घसरायला शिकला आणि सोळाव्या वर्षी कॅनडाला निघून गेला. दुसरा घरी राहिला. आता सगळे अमवाज बेटावर मयुरेशच्या फ्लॅटमध्ये राहत होते, समुद्र दिसणाऱ्या बाल्कनीत रावजीचे लेंगे वाळत होते, आणि घरी राहिलेला तो मुलगा बँकेत मोठ्या हुद्द्यावर होता.

"पप्पा," शिवांगी म्हणाली, "आज तरी मॅच बघायला येणार ना? इट्स काकाज लास्ट गेम, हियर अ‍ॅट होम. अँड आय अ‍ॅम प्लेइंग विथ हिम."

"येणार आहे. येतोच आहे."

"आणि कागद?"

"जेवताना नको."

"जेवताना नको, झोपताना नको, गाडीत नको," लीना पुटपुटली. ती पुण्याची होती आणि पुटपुटलेलं पलीकडच्या इमारतीत ऐकू जावं याची तिला सवय होती. "शिवांगी, पप्पांचं म्हणणं मलाही पटतं. दोन वर्षं लांब, थंडीत, एकटी. पण एकदा हो की नाही ते सांगून टाका ना हो."

मयुरेशने पाण्याचा ग्लास खाली ठेवला. बोलायचं नाही असं ठरवून माणूस बसला की हमखास बोलून जातो, तसं त्याचं झालं.

"दत्ता, तूच सांग. खरं सांग. सोळा वर्षांत गोल किती?"

या घरात हा आकडा कुणी विचारायची गरज नव्हती. दत्ताच्या प्रत्येक गोलाला शेवंतीने देवळात नारळ फोडला होता. पहिल्या फोनपासून तिचा एकच प्रश्न असे, गोल केलंस? आणि बहुतेक वेळा तिकडून उत्तर येई, नाही गं आई, आज नाही. गोल झाला की मनाम्याच्या सुकातलं, म्हणजे जुन्या बाजारातलं, देऊळ गाठायचं, नारळ, पेढे, शेजारच्या गुजरात्यांना प्रसाद. सोळा वर्षांत असे एकतीस नारळ झाले. गल्लीतला पोरगा शाळेच्या फुटबॉलमध्ये दोन वर्षांत तेवढे गोल करी, हे शेवंतीलाही कळत होतं, पण ती बोलत नसे.

"एकतीस," दत्ता म्हणाला.

"एकतीस. हाडं किती मोडली ते विचारत नाही. मोठ्या लीगने तुला एकदा बोलावलं, नऊ दिवस ठेवलं, दोन मॅच खेळवलं आणि परत पाठवलं. बाकी सगळी वर्षं कुठली तरी गावं. मी नकाशात शोधायचो रे, सापडायची नाहीत. आता इथे परत आलास, दोन बॅगा आणि काठ्यांची एक थैली घेऊन. तुझं नाव या बेटावर कुणाला माहीत आहे? आणि हीसुद्धा डिफेन्सच खेळते. निदान पुढे खेळली असती तर गोल तरी मारले असते." त्याचा आवाज चढला होता, तो त्याने खाली आणला. "तिने तुझ्यासारखं आयुष्य मार खाण्यात घालवावं, असं तुला वाटतं? मनापासून सांग. तू सांगितलंस तर मी आत्ता सही करतो."

हा प्रश्न दत्ताने स्वतःला स्लोव्हाकियातल्या बसमध्ये विचारला होता, जर्मनीतल्या इस्पितळात विचारला होता, आणि मार्चमध्ये शेवटचे बूट सोडताना तर मोठ्याने विचारला होता. बचाव करणाऱ्याने चांगलं काम केलं की काहीच घडत नाही. जे घडलंच नाही ते घरच्यांना फोनवर सांगायचं तरी कसं? आणि बापाला तर त्यातलं काहीच नको असे. रावजीच्या हातात फोन गेला की सोळा वर्षं एकच प्रश्न यायचा, बर्फ कसो हा? मुलगा कसा आहे हे नाही, बर्फ कसा आहे. सुरुवातीला दत्ताला राग यायचा, मग त्याने तोही सोडून दिला. चांगला आहे बाबा. आज जरा खराब होता बाबा. बरां, म्हणायचा रावजी आणि फोन शेवंतीकडे द्यायचा.

"मला सांगता येणार नाही, दादा," दत्ता म्हणाला.

शिवांगीने त्याच्याकडे असं पाहिलं की त्याने हातातला घास ताटात परत ठेवला. सगळ्या जगात तिला जो एक वकील होता, त्याने भर कोर्टात कागदपत्रं खाली ठेवली होती.

"झालं तर मग," मयुरेश म्हणाला. जिंकल्याचा आनंद त्याच्या तोंडावर अजिबात नव्हता.

रावजी ताटावरून उठला. "चार वाजले. मी फुडे जातंय. बर्फ बघूचो आसा."

"बाबा, तुम्हाला रिटायर होऊन नऊ वर्षं झाली."

"बर्फ नाय जालो रिटायर," रावजी म्हणाला आणि चपला शोधायला लागला.

*

स्वयंपाकघरात शेवंती भांडी आवरत होती आणि लीना उरलेलं माशाचं तिखलं डब्यात काढत होती. दोघींचं या जन्मात फारसं कशावर एकमत झालं नव्हतं. आमसुलं की चिंच, एसी चोवीस की सव्वीस, सगळ्यावर दोन पक्ष.

"मयुरेश सांगता ता बरोबर हा," शेवंती म्हणाली. "धाडू नको चेडवाक. माझो झील सोळाव्या वर्सी गेलो तो आता गावलो माका. मदल्या वर्सांत मी फकस्त आवाज ऐकलंय. गोल केलंस काय म्हणान विचारलंय, कारण दुसरां काय विचारूचां ताच माका ठावक नाय होतां." तिने ओल्या हाताने पदर डोळ्याला लावला. "तू आवस हस. तुका सोसवचां नाय."

लीनाने डब्याचं झाकण लावलं. सासूबाईंशी एकमत झालं की आपलं काहीतरी चुकतंय, असा तिचा अठरा वर्षांचा अनुभव होता. आत्ताही तसंच वाटलं. पण त्याहून वेगळंही काही वाटलं. शिवांगी रोज ईसा टाउनच्या शाळेतून पाठ मोडून येते, तासभर झोपते आणि रिंकवर जायचं म्हटलं की उडी मारून उठते. हिला थांबवून घरात ठेवली, तर घरात राहील ती कोण असेल?

"आई, तुम्ही दत्ताभावजींना का जाऊ दिलंत मग?"

शेवंतीने नळ बंद केला. "तेचो चेरो बघलंय," ती म्हणाली. "जेवा जावचो नाय असां सांगलंव, तेवा."

एवढं बोलून ती भांडी घासायला लागली, पण लीनाचं काम झालं होतं. निघताना ती पाणी प्यायला म्हणून फ्रिजशी थांबली. या वेळी ती खरंच पाणी प्याली, आणि कागद घडी करून पर्समध्ये टाकला. चुंबकसुद्धा टाकला.

*

बाहेर त्रेचाळीस डिग्री होतं आणि आत रिंकवर शेवंती साडीवर मयुरेशचं जुनं जॅकेट, मोज्यांवर चपला आणि डोक्याला मफलर अशा थाटात बसली होती. समोर कुवेतहून आलेली टीम होती. इथली टीम म्हणजे नाना तऱ्हेची खिचडी, बहारीनी तरुण, दोन रशियन, रिफायनरीतला एक फिनलंडचा म्हातारा, सोळा वर्षांची शिवांगी राऊळ आणि तिचा काका. दोघांच्या पाठीवर एकच आडनाव होतं. ते पाहून मयुरेश उगाचच खोकला.

मयुरेश या रिंकवर किती तरी वर्षांनी आला होता. पोर लहान असताना सोडायला यायचा आणि गाडीतच बसून राहायचा. आता त्याने नीट बघायचं ठरवलं, तर त्याला काळी चकती दिसायची आणि तिच्यामागे पळणारी माणसं दिसायची. दत्ता कुठेच दिसत नव्हता. चकती एका बाजूला आणि तो दुसऱ्या बाजूला उभा, आरामात, देवळाबाहेर चपला राखत बसल्यासारखा. शिवांगीही तशीच. वीस मिनिटांत दोघांपैकी एकानेही गोलाकडे एकदाही फटका मारला नाही.

"हे काय करतायत?" तो म्हणाला.

रावजी शेजारीच काचेला नाक लावून उभा होता. मघाशी त्याने आत शिरताशिरता हाताच्या उलट्या बाजूने बर्फाला स्पर्श करून पाहिला होता, तापलेल्या पोराच्या कपाळाला लावतात तसा.

"चकतेक बघू नको," रावजी म्हणाला. "तेका बघ. आणि तेच्या बाजूक काय जायत नाय, ता बघ."

मयुरेशने बघितलं. कुवेतचा तगडा खेळाडू दत्ताच्या बाजूने यायला निघाला. दत्ता धावला नाही, फक्त मागे मागे घसरत गेला, काठी पुढे धरून, आणि त्या माणसाला आत वळायची वाट मिळेना. तो बाहेर बाहेर गेला, कडेच्या फळीला लागला आणि चकती गेली. परत एक आला, त्याचंही तेच. तिसरा शिवांगीच्या बाजूने आला. तिने काकासारखीच पाठ गोलाकडे ठेवून गुडघे वाकवले आणि तिसरासुद्धा फळीशी जाऊन थांबला. ही गंमत कळली तशी मयुरेशला चकती दिसेनाशी झाली. त्याला आता गोलासमोरची रिकामी जागा दिसायला लागली. तिथे कुणीच पोचत नव्हतं.

पहिला डाव संपला, दुसरा संपला, दोन्ही टीमचा एकेक गोल. एक रशियनाने केला, एक कुवेतने, तोही दत्ता बाकावर दम खात असताना. बर्फाची गाडी आत आली. ती आता नझीर चालवायचा. त्याला रावजीनेच हाताखाली तयार केलं होतं. गोल गोल फिरून, खरवडून, गरम पाणी पसरून बर्फ आरशासारखा झाला आणि नझीर गाडी लावून हात पुसत राऊळांच्या बाकाशी आला.

"सलाम चाची. चाचा, आज नारियल कौन फोडेगा? दत्ताभाई बर्फ पे है, और एक भी गोल नहीं खाया अभी तक."

रावजी एकदम बुटाची नाडी बांधायला वाकला. त्याच्या पायात चपला होत्या.

"कौन सा नारियल?" लीनाने विचारलं.

"अरे भाभी, आपको नहीं मालूम?" नझीरला आपण कुठे पाय ठेवतोय याचा पत्ता नव्हता. "हर मॅच का हिसाब चाचा मुझसे मोबाइल पे निकलवाते थे. दत्ताभाई जब बर्फ पे था, सामनेवालों ने गोल किया कि नहीं किया. नहीं किया, तो चाचा खलास, सीधा मंदिर. सोलह साल से. पाँच सौ बारह हो गए."

शेवंतीने मफलर कानावरून मागे सरकवला.

"किती?"

"पाँच सौ बारह, चाची."

"अवो," शेवंती म्हणाली. आवाज शांत होता आणि रावजी तिला ओळखून होता, म्हणून तो वाकलेलाच राहिला. "घरात ते नारळ येयत ते खंयचे? माका सांगलास, देवळाचो एसी दुरुस्त केलंय, पुजाऱ्यान नारळ दिल्यान. सोळा वर्सां मी कोल्ड स्टोअराच्या दुकानात नारळ घेवक गेलंय नाय! सोलकढी तेची, तिखलां तेचां, मोदक तेचे!"

"सोळा वर्षं एकच एसी बिघडत होता?" लीनाने विचारलं.

"तां माका कसां कळतलां? देवळात गर्दी असता!" शेवंती फणकारली.

मयुरेश हसायला लागला. मग लीना हसली. नझीर काही न कळून हसला. शेवंती तेवढी हसेना. तिने नवऱ्याच्या बाहीला धरून त्याला सरळ केलं.

"माका सांगूक काय जालां होतां तुमका? मी एकतीस नारळ फोडलंय तर गावभर पेढे वाटलंय, आणि तुमी पाचशे चोरान फोडलास!"

"तू गोलाचे फोडी होतंस," रावजी म्हणाला. "मगे न जाल्याचे कोणी फोडूचे?"

शेवंतीची बाहीवरची पकड सैल झाली.

"लोकांक सांगान काय समजतलां?" तो पुढे म्हणाला. एवढं सलग बोलायची त्याला सवय नव्हती, म्हणून काचेकडे तोंड करून बोलला. "तीस वर्सां मी बर्फ राखलंय. बर्फ बरो असलो तर कोण म्हणता, वा, बर्फ बरो हा? बर्फ फुटलो काय मगे रावजीक बोलावतत. तेचा पण तसाच. काय जाला नाय, म्हणजे तो थंय होतो." त्याने नाक ओढलं. "फोनार मी विचारी, बर्फ कसो हा. खराब म्हणालो काय समजा, आज पोराचे पाय दुखतत. तो बर्फाचा सांगी, माका तेचा कळा."

मयुरेशचं हसणं थांबलं. दुपारी टेबलावर आपण काय मोजलं, ते त्याला आठवलं. सोळा वर्षं सगळ्या घराने चकतीकडे बघितलं होतं. एक म्हातारा सोडून.

*

बर्फावरून दत्ताला एवढंच दिसलं की आई बाबांच्या बाहीला धरून उभी आहे आणि दादा हसतोय. दादाला हसताना पाहून त्याला इतकी वर्षं झाली होती की तो क्षणभर काठीला टेकून बघतच राहिला.

"काका, फोकस," शिवांगी म्हणाली.

तिसऱ्या डावात त्या रशियनाने आणखी एक गोल केला. दोनास एक. शेवटची दीड मिनिटं उरली तेव्हा दत्ताचा डावा गुडघा खलास झाला होता. बाकावरून कुणी यायला तयार होतं, पण त्याने हात हलवला. नको. हा शेवटचा, मी राहतो. शिवांगीनेही हात हलवला.

कुवेतने गोलकीपरला काढून आणखी एक माणूस पुढे घातला. चकती त्यांच्या त्या तगड्या माणसाकडे आली आणि तो शिवांगीच्या अंगावर निघाला. दत्ता दुसऱ्या बाजूला अडकला होता. मधे दोन माणसं होती. त्याला पोचता येणार नव्हतं, हे त्याच्या पायांना आधी कळलं. तो फक्त बघू शकत होता.

सोळा वर्षांत त्याने हे बाहेरून कधी पाहिलं नव्हतं.

शिवांगी घाबरली नाही, अंगावरही गेली नाही. ती मागे घसरत राहिली, एक हात, दोन हात, काठी पुढे, त्या माणसाच्या छातीवर नजर ठेवून, आणि त्याला डावीकडे, डावीकडे ढकलत नेलं. स्पर्श न करता. बर्फाची गाडी जिथून आत येते त्या दाराच्या कोपऱ्याकडे. तिथला बर्फ मऊ असतो. दारातून बाहेरची गरम हवा येते, कितीही बंद केलं तरी येते. हे रावजीने दत्ताला तो सात वर्षांचा असताना सांगितलं होतं, आणि दत्ताने कधी कुणाला सांगितलं नव्हतं. म्हणजे म्हाताऱ्याने नातीलाही सांगितलं होतं.

त्या माणसाने कोपऱ्यात फटका मारायला काठी मागे घेतली आणि चकती मऊ बर्फात अडखळली. एवढीच, हातभर. शिवांगीने खाली झुकून काठी सरकवली आणि चकती काढून फळीवरून लांब फेकून दिली. पळणारे सगळे उलटे फिरले. घड्याळात चार सेकंद होती, मग तीन.

काहीच घडलं नाही. इतकं सुंदर काहीच न घडणं दत्ताने आयुष्यात पाहिलं नव्हतं. आणि ते आपण सोळा वर्षं करत होतो, हे त्याला पहिल्यांदाच उमगलं. भोंगा वाजला. त्याला रडू आलं आणि त्याने ते लपवलं नाही. शिवांगी त्याच्यावर येऊन आदळली आणि दोघं आडवे झाले. "काका! डिड यू सी?" ती ओरडत होती.

"बघितलं," तो म्हणाला. "सगळं बघितलं."

*

नारळ बर्फावर फोडायचा नाही, हा रावजीचा जुना नियम. पाण्याने डाग पडतो. म्हणून सगळे मागच्या दाराबाहेर सिमेंटच्या पायरीशी जमले. ऊन उतरलं होतं तरी पायरी तापलेली होती. अंगावर बर्फाचा गारवा आणि पायाखाली भट्टी. रावजीने मशीनच्या खोलीत ठेवलेला नारळ आणला. पाचशे तेरावा, असं प्रत्येकाने मनात म्हटलं. नझीरही आला. दोन बहारीनी मुलं मोबाइल धरून उभी राहिली.

रावजीने पायरीवर नारळ ठेवला, हात जोडले आणि गावच्या देवळात उभा असल्यासारखा खडा आवाज काढला.

"बा रवळनाथा म्हाराजा!"

"होय म्हाराजा!" शेवंती, दत्ता आणि शिवांगी एकदम म्हणाले. गाऱ्हाण्याला होय म्हणायचंच असतं. देवासमोर गप्प उभं राहणारा म्हणजे ते गाऱ्हाणं मान्य नसलेला.

"आज ह्या परमुलखात, तुझी लेकरां बर्फाच्या दारात उभी आसत, म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

"माझ्या धाकट्या झिलान सोळा वर्सां लोकांचे गोल अडवल्यान. हाडां मोडून घेतल्यान, दात पाडून घेतल्यान, पण मागच्याक धक्को लागूक दिल्यान नाय. तेचे नारळ तुका पोचले आसत, म्हाराजा!"

दत्ताने बापाकडे पाहिलं. कोणते नारळ, हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं. लीनाने त्याच्या कानात दोन वाक्यांत सांगितलं. तो होय म्हाराजा म्हणायला गेला आणि आवाजच फुटला नाही. त्याच्या वाटचं शेवंतीने म्हटलं.

"पण देवा, एक नारळ ऱ्हवलो आसा." रावजीचा आवाज खाली आला. "माझो थोरलो. ह्यो खंय गेलो नाय. इस्पितळात माझी छाती फाडल्यानी तेवा ह्यो तीन दिस दाराशी बसललो. आयेचे डोळे ह्यान बघल्यान, घर ह्यान बघल्यान. माझ्या घराक गोल होवक दिल्यान नाय. आणि तेका कोणी टाळी वाजवक नाय. मी पण नाय. ह्यो आजचो नारळ तेचो, म्हाराजा!"

"होय म्हाराजा!" आता दत्ताला आवाज फुटला, आणि असा फुटला की पार्किंगमधले लोक वळून बघायला लागले.

मयुरेश पायरीकडे बघत उभा होता. चव्वेचाळीस वर्षांचा माणूस, बँकेतला मोठा साहेब, आणि आपलं नाव कुणी घेतलं म्हणून तापल्या पायरीशी उभा राहून रडत होता.

"आता तेचां चेडू बर्फार जावक बघता," रावजी म्हणाला. "बापाशीक भय वाटता. वाटतलांच. तो काय ठरवीत ता ठरवीत, देवा, पण तू तेच्या मागे उभो ऱ्हव, म्हाराजा!"

यावर कुणी काही बोललं नाही. शेवंती नाही, लीना नाही, शिवांगीसुद्धा नाही. हे होय ज्याचं होतं, त्यानेच म्हणायचं होतं.

बहारीनी मुलांपैकी एकाने हळूच यल्ला म्हटलं, म्हणजे चला.

"होय म्हाराजा," मयुरेश म्हणाला. मग त्याने डोळे पुसले, आणि बँकेत चढून चढून जी भाषा त्याने वीस वर्षं घडी घालून ठेवली होती, ती आपोआप बाहेर आली. "धाडतंय, बाबा. धाडतंय तिका."

त्याने नारळ उचलला आणि पायरीवर मारला. एकाच घावात मधोमध दोन भकलं झाली. शिवांगीची किंकाळी रिंकच्या आत ऐकू गेली. लीनाने पर्स उघडून कागद काढला, चुंबक परत आत टाकला, आणि नझीरने कानामागचं पेन दिलं.

"आता नीट ठरवा," शेवंती डोळे पुसत म्हणाली. एक भकल तिने सवयीने पिशवीत टाकलं होतं. "तिच्या गोलाचो नारळ माझो. न जाल्याचो ह्यांचो. आता चोरान नाय, माका सांगान."

"आणि ती सुट्टीला घरी आली, की त्याचा माझा," मयुरेश म्हणाला.

कागद टेकवायला जागा नव्हती. दत्ताने तोंड न उघडता भावासमोर पाठ वाकवली आणि मयुरेशने त्या पाठीवर, राऊळ या अक्षरांच्या बरोबर मधे, कागद ठेवून सही केली. सही जरा वाकडी आली, कारण पाठ हसत होती.